मिसेस स्नेड खोकते

"सत्ताविसावं पान वाच," एनिड म्हणाली, आणि स्क्रिप्ट माझ्या इस्त्रीच्या टेबलावर अशी आपटली की नुकत्याच इस्त्री केलेल्या पोलिसाच्या शर्टाला पुन्हा सुरकुती पडली.

मी वाचलं. लोकरीच्या दुकानात मिसेस स्नेड एका गिऱ्हाइकाला बाळाच्या मोज्यांसाठी पिवळी लोकर दाखवते, दोन वाक्यं बोलते, आणि त्याखाली कंसात एक बारीक सूचना: मिसेस स्नेड खोकते.

"मग?" मी विचारलं. मला सगळं कळलं होतं, पण वाईट बातमीच्या वेळी माणूस आधी मूर्ख होऊन बघतो.

"मग काय मग? इतकी वर्षं या कपडेपटात बसून बटणं शिवतोयस ना? आपल्या गल्लीत कुणी उगाच खोकलेलं पाहिलंयस?"

नव्हतं पाहिलं. 'बॉबिन लेन' या आमच्या मालिकेतली माणसं भांडायची, दारू प्यायची, शेजाऱ्याच्या बायकोबरोबर स्कारबरोला पळून जायची, पण खोकायची नाहीत. लीड्ससारख्या ओल्या शहरात, जिथे नोव्हेंबरात बसमधल्या घंट्यासुद्धा सर्दी झाल्यासारख्या वाजतात, तिथे ही एक गल्ली बारा महिने ठणठणीत होती. जो खोकला तो गेला. कोळसेवाला मार्चमध्ये खोकला, एप्रिलमध्ये त्याला पुरला. चर्चमधली ऑर्गनवाली बाई दोनदा खोकली आणि तिसऱ्या आठवड्यात ऑर्गन दुसरंच कुणी वाजवत होतं. एकदा एका नटीला खरीच सर्दी झाली आणि ती चुकून कॅमेऱ्यासमोर शिंकली, तर कॅन्टीनमधल्या बायका तिला कस्टर्ड जास्त वाढायला लागल्या.

"कदाचित साधा खोकला असेल," मी म्हणालो.

"राजा, साध्या खोकल्यासाठी कुणी टाइपरायटर झिजवत नाही."

तेवढ्यात तिची नजर माझ्या खिळ्यावर अडकवलेल्या चिठ्ठ्यांवर गेली. वरची चिठ्ठी सकाळीच निर्मात्याच्या खोलीतून आली होती. मी हात आडवा घालेपर्यंत तिने ती वाचली. 'मिसेस स्नेडसाठी नाइटगाऊन, एक, फिकट रंगाचा, चार भागांपुरता.'

"फिकट," एनिड म्हणाली. "निदान फुलाफुलांचा तरी शिव. मरायचं ते जरा बघणेबल मरू दे."

एनिड हॅटर्स्लीचं वय तेव्हा अठ्ठावन्न होतं, आणि चेहऱ्याचंही अठ्ठावन्न. पण गंमत अशी की चेहरा अठ्ठावन्नाचा एकोणिसाव्या वर्षापासूनच होता. हॅलिफॅक्सच्या गालिचे विणणाऱ्या गिरणीतल्या मुकादमाची ही मुलगी. एकोणिसाव्या वर्षी हडर्सफील्डच्या नाटक कंपनीत शिरली. तिथे दर सोमवारी नवं नाटक. रात्री एक करायचं, दिवसा पुढच्याची तालीम, आणि दोन्हींच्या मधे उभ्याउभ्या टोस्ट खायचा. नायिकेच्या भूमिकेसाठी तिने पहिल्याच वर्षी अर्ज केला. मॅनेजरने तिच्याकडे नीट पाहिलं आणि तिला नायिकेच्या आईचं काम दिलं. नायिका एकतीस वर्षांची होती. पुढच्या सोमवारी नायकाची आई, तो एक्केचाळीस. "तुझ्या चेहऱ्यावर लोकांचा विश्वास बसतो गं," मॅनेजर म्हणायचा. विश्वास बसायचा, पण कुणाचं प्रेम बसायचं नाही, आणि रंगभूमीवर पैसे प्रेमाचे असतात, असं एनिडचं म्हणणं.

लग्न एक झालं होतं. नवरा नाटकातलाच. ब्लॅकपूलच्या एका उन्हाळ्यात तो दुसऱ्या कंपनीबरोबर निघून गेला. त्याच्या जाण्याचं तिला दुःख कमी झालं आणि वैताग जास्त, कारण तिची मेकअपची पेटी तो घेऊन गेला होता आणि शनिवारी दोन प्रयोग होते.

पुढे सिनेमे आले. सिनेमात तिने दारं उघडली. इंग्लंडच्या चित्रपटांत पोलीस दार वाजवतात तेव्हा कुणीतरी उघडावं लागतं, तिथे एनिड. "तो वर आहे, इन्स्पेक्टर," हे वाक्य तिने नऊ सिनेमांत म्हटलं. सहा नर्सा केल्या, चार घरमालकिणी, आणि एक प्रेत, तेही चादरीखालचं. त्या प्रेताचा तिला आजही राग येतो. "चादरीखाली कुणालाही झोपवलं असतं! मला कशाला लंडनला बोलावलं? आगगाडीत तीन तास उभी होते!" एका मोठ्या सिनेमात तिचं एक चांगलं, लांब वाक्य होतं. ते कापलं गेलं आणि पडद्यावर फक्त कोपर राहिलं. आईने हॅलिफॅक्सला तो सिनेमा चार वेळा पाहिला आणि बाहेर येऊन शेजारणींना सांगितलं, "कोपर आमच्या एनिडचंच. हाड बघा, माझ्या आईचं हाड."

रस्त्यात लोक तिला ओळखायचे, पण काय म्हणून ओळखतात ते त्यांना समजायचं नाही. "तुम्ही आमच्या दातांच्या डॉक्टरकडे काउंटरवर होता ना?" हा नेहमीचा प्रश्न. सुरुवातीला ती समजावून सांगायची. नंतर नंतर नुसतं म्हणायची, "हो, आणि तुमची पुढची तारीख चुकलीय."

मग एकोणपन्नासाव्या वर्षी 'बॉबिन लेन'मध्ये तीन भागांचं काम आलं. लोकरीचं दुकान चालवणारी बाई. एका पात्राला विणायच्या सुया विकायच्या आणि जायचं. पण एनिड गेली नाही. गिऱ्हाईक नसताना ती काउंटरमागे बसून खरंच विणायची, आणि तेही उगाच सुया हलवत नाही, तर नमुन्याप्रमाणे, टाके मोजत. घरी बसलेल्या बायकांनी ते ताबडतोब ओळखलं. पत्रं यायला लागली, 'मिसेस स्नेड परवा विणत होत्या त्या निळ्या स्वेटरचा नमुना मिळेल का?' तीन भागांचे सहा झाले, सहाची नऊ वर्षं झाली. आमचे करार तेरा-तेरा आठवड्यांचे. दर तेराव्या आठवड्याला सगळे नट श्वास धरून टपालाची वाट बघायचे. एनिडने असे छत्तीस श्वास धरले होते. आणि तिच्या आयुष्यात पहिल्यांदाच तिच्या भूमिकेला नाव होतं, दुकान होतं, पाटीवर ते नाव रंगवलेलं होतं. ती पाटी गेली की पुन्हा इन्स्पेक्टरसाठी दारं उघडायची, आणि आता तर इन्स्पेक्टरही थेट गाडीतून गोळ्या झाडत येतात, दार वाजवत नाहीत.

त्यामुळे ती तडक वर गेली, नव्या निर्मात्याकडे. ज्युलियन फेअरब्रास हा एकतीस वर्षांचा, लंडनहून आलेला, सतत केसांतून हात फिरवणारा मुलगा. परत आली तेव्हा कान लाल होते, तिचे.

"म्हणतो, गल्ली तरुण करायचीय. लोकरीच्या दुकानाच्या जागी केशकर्तनालय. माणसं केस कापताना जास्त बोलतात म्हणे."

"तू काय म्हणालीस?"

"मी म्हटलं, राजा, मला बहिणीकडे पाठव ना, डेव्हनला. गेलेलं माणूस परत येऊ शकतं. तर म्हणतो, तुमच्या मरणाला लोक रडतील, एनिड, आणि रडण्याला जास्त प्रेक्षक असतात." तिने नाक शिंकरलं. "एजंटला फोन केला. तो लंडनमधून म्हणतो, डार्लिंग, खोकला म्हणजे भूमिकेला वजन! मी म्हटलं, हो, आणि ते वजन चौघे खांद्यावर घेऊन जातात!"

मग तिने एकटीने बंड पुकारलं. गुरुवारी चित्रीकरणात सत्ताविसावं पान आलं. एनिडने पिवळी लोकर दाखवली, दोन वाक्यं म्हटली, खोकली, आणि लगेच गिऱ्हाइकाला म्हणाली, "ही मेली मोहेर लोकर! तंतू घशात जातात. तुम्ही साधीच घ्या." वर काचेमागे बसलेल्या दिग्दर्शकाला ते इतकं खरं वाटलं की त्याने तसंच ठेवलं. दुसऱ्या आठवड्यात स्क्रिप्टमध्ये खोकला दोनदा होता, तोंडावर रुमाल धरून. एनिडने आधी तोंडात पेपरमिंटची गोळी टाकली, मग खोकली, मग म्हणाली, "यंदाची पेपरमिंटं दगडासारखी आलीत," आणि डबा गिऱ्हाइकापुढे धरला. गिऱ्हाईक झालेली नटी गोंधळून गोळी घेऊन बसली आणि तीही खोकली. ती बिचारी दोन दिवस जेवली नाही.

ज्युलियन खाली आला. "एनिड, खोकला म्हणजे खोकला. त्याला कारण नको."

"माझ्या बाई कारणाशिवाय काही करत नाहीत. दुकान चालवतात त्या."

तिसऱ्या आठवड्यात डॉक्टर आले.

डॉक्टर म्हणजे ह्यू ब्लेकलॉक. साठीचा, उंच, चांदीसारखे केस, आवाज असा की नुसतं "गुड मॉर्निंग" म्हणाला तरी ताप उतरावा. सतरा वर्षं तो फक्त डॉक्टरच करत होता, आमच्याकडे आणि इतरत्र. बसमध्ये अनोळखी माणसं त्याला बाही वर करून पुरळ दाखवायची आणि तो बघायचाही. स्टेथोस्कोप त्याचा स्वतःचा होता. अडचण एवढीच की गल्लीत कुणी आजारी पडल्याशिवाय त्याला काम नाही, आणि गल्ली ठणठणीत. कॅन्टीनमध्ये मांसाचं स्टेक-अँड-किडनी पुडिंग समोर घेऊन दोघं बसली होती आणि मी शेजारच्या टेबलावर कॉलर उसवत होतो.

"ह्यू, तू ब्राँकायटिस सांग."

"स्क्रिप्टमध्ये हृदय आहे."

"हृदय? मी तीन आठवडे खोकतेय आणि दुखणं हृदयाचं?"

"ज्युलियनला वैद्यक येत नाही," ह्यू खालच्या आवाजात म्हणाला. "मलाही त्याची लाज वाटते. पण छापलंय तसं बोलावं लागणार."

"ब्राँकायटिस बरा होतो, ह्यू."

"तेच तर!" त्याने काटा खाली ठेवला. "हे बघ, रागावू नकोस. हे माझे चार भाग आहेत. एक तपासणी, दुसरी तपासणी, शेवटचा श्वास, आणि बाहेर येऊन मान हलवायची. चार! गेलं वर्षभर मला दोन मिळाले. त्यातला एक गोवराचा, तोही पाठमोरा."

"म्हणजे मी मेले की तुझं घर चालणार."

"चालणार नाही गं. फक्त छप्पर गळतंय ते थांबेल."

 एनिडने आपल्या पुडिंगमधला किडनीचा तुकडा त्याच्या ताटात टाकला, कारण तिला किडनी आवडत नव्हती आणि त्याला आवडायची. "खा. पण तुझ्यावर मी चिडलेली आहे हे लक्षात ठेव."

शुक्रवारी तो प्रसंग होता. आमच्या स्टुडिओतला एक नियम इंग्लंडच्या राणीलाही मोडता आला नसता. संध्याकाळी सहा म्हणजे सहा. वीजवाल्यांचा मुख्य स्टॅन, याच्या हातात मोठा खटका. सहाच्या ठोक्याला तो ओढायचा, मग कॅमेऱ्यासमोर कुणी लग्नाला होकार देत असो की जिना कोसळत असो. आणि सहानंतर लगेच सुतार येऊन गल्ली मोडायचे, कारण शनिवारी तिथे प्रश्नमंजूषेचा कार्यक्रम असायचा; जे सहाच्या आत चित्रित झालं तेच प्रेक्षकांना दाखवायचं.

पावणेसहाला एनिड दुकानाच्या मागच्या खोलीतल्या खुर्चीवर, मी शिवलेल्या नाइटगाऊनमध्ये. फुलाफुलांचा केला होता, चिठ्ठीत काहीही असो. पहिल्या खेपेला तिने ह्यूला इतकं टवटवीत हसून दाखवलं की दिग्दर्शकाने थांबवलं. दुसऱ्या खेपेला थर्मामीटर पडला. तिसऱ्या खेपेला तिला शाल नीट वाटेना. तिसऱ्या खेपेलाच मी पाहिलं, ह्यू दारामागे उभा राहून बोटांवर मोजत होता, एकेक करून, ओठ हलवत. मला वाटलं वाक्यं पाठ करतोय.

"पाच छपन्न," स्टॅन म्हणाला. त्याला कुणी विचारलं नव्हतं.

"शेवटची खेप!" वरून आवाज आला. "एनिड, कृपा कर!"

ह्यू आत आला. नाडी पाहिली, स्टेथोस्कोप लावला, कान देऊन ऐकलं.  वाक्य होतं, 'मिसेस स्नेड, आता फार दिवस उरले नाहीत.' ह्यूने स्टेथोस्कोप काढला, घडी केली आणि त्याच्या त्या चांदीच्या आवाजात म्हणाला, "मिसेस स्नेड, हे दुखणं जिवावरचं नाही. पण भारी चिवट आहे. मला दर आठवड्याला यावं लागेल."

जवळजवळ चाळीस वर्षांत एनिड कधी वाक्य चुकली नव्हती. ती तीन सेकंद गप्प बसली. मग म्हणाली, "दर आठवड्याला? बरं. पण पाय पुसून येत जा, डॉक्टर."

आणि दिवे गेले.

अंधारात वरच्या लोखंडी जिन्यावरून ज्युलियनचे बूट खाली येताना ऐकू येत होते. "हे काय होतं? ह्यू, हे काय होतं?"

"वाक्य विसरलो," ह्यू म्हणाला. "वय झालं."

"स्टॅन, दिवे लाव! एकच वाक्य! तीस सेकंद!"

"सहा वाजले," स्टॅन म्हणाला, आणि सँडविचचा डबा उघडला. पलीकडे सुतारांनी लोकरीच्या दुकानाची भिंत उचलायला सुरुवात केली होती.

मी नंतर ह्यूला विचारलं. तो खांदे उडवून म्हणाला, "मोजून बघितलं मी. मेलेला पेशंट चार भाग. चिवट पेशंट, कुणी सांगावं? चाळीस. एवढी वर्षं डॉक्टरकी केली आणि हे मला आज कळलं." मग कोट चढवत, "आणि किडनीचा तुकडा कुणी कुणाला देत नाही रे," असं पुटपुटत तो बस पकडायला गेला.

ज्युलियन हार मानणारा नव्हता. पुढच्या स्क्रिप्टमध्ये मिसेस स्नेड दुकानावरच्या मजल्यावर अंथरुणाला खिळल्या, आणि खाली त्यांच्या दुकानात केशकर्तनालय सुरू झालं. दिसणार नाहीत. त्यांना काही हवं असलं की काठीने जमिनीवर ठोकतील, तेवढाच त्यांचा सहभाग, आणि ते ठोके ध्वनिविभागाच्या टेपवरून वाजवायचे. करार संपेपर्यंत तेरा आठवड्यांत लोक त्यांना विसरतील आणि मग कुणीतरी पत्र वाचून सांगेल की त्या गेल्या. असा त्याचा बेत.

गुरुवारी एनिड बोलावणं नसताना हजर. पूर्ण मेकअप, नाइटगाऊन, शाल.

"तू दिसणार नाहीयेस," मी म्हणालो.

"मला दिसतंय मी काय घातलंय ते. ठोके कोण देणार?"

"टेप आहे."

"टेपच्या ठोक्यांत मिसेस स्नेड नाहीत. ऐकलास का तो आवाज? खाटीक हाड फोडतोय." ती भिंतीच्या मागे गेली, दुधाच्या बाटल्यांचा क्रेट उलटा घातला, त्यावर बसली आणि एका फळीवर काठी ठोकली. दोन हळू, एक चढा. संपूर्ण स्टुडिओत माणसं मान वर करून पाहायला लागली, कारण त्या ठोक्यात सरळ ऐकू येत होतं की चहा तीन तास झाले आलेला नाही, आणि जो आला होता तो पाणचट होता. दिग्दर्शकाने टेप बंद केली.

त्यानंतर दर आठवड्याला हेच. ह्यू बॅग घेऊन दुकानात यायचा, "वर जाऊन येतो," म्हणायचा, मागचं दार उघडून भिंतीआड जायचा आणि दुसऱ्या क्रेटवर एनिडच्या शेजारी बसून जिंजर बिस्किटं खायचा. बाहेर नुसती कुजबुज ऐकू जायची. ते बहुतेक ह्यूच्या छपराबद्दल बोलत असायचे.

तिकडे टपाल यायला लागलं. आधी खोकल्याच्या गोळ्या, तीन पोती. वेकफील्डच्या एका बाईने मधात कांदा घालून बाटली पाठवली, ती वाटेत फुटली आणि टपालखात्याने तक्रार केली. मग पत्रांचा सूर बदलला. 'आजारी बाई ठोकून ठोकून थकली तरी चहा कुणी का नेत नाही?' 'तुमच्या गल्लीत माणुसकी नाही काय?' बार्न्स्लीतल्या एका चर्चच्या महिला मंडळाने सत्तावीस सह्यांचं पत्र पाठवून केशकर्तनालयाच्या मालकिणीला जाब विचारला. ती खरी मालकीण नव्हती, नटी होती. तरी तिला बेकरीत कुणी पाव देईना. ती ज्युलियनच्या खोलीत जाऊन रडली. ज्युलियनने केसांतून इतका हात फिरवला की कपाळ वाढलं.

अकराव्या आठवड्यात स्क्रिप्ट आली. एनिडने ती माझ्या टेबलावर आपटली नाही, ठेवली. मी वाचलं: मिसेस स्नेड जिना उतरते.

"झालं की!" मी ओरडलो.

"काय झालं? कुठला जिना?" ती वैतागून म्हणाली. "नऊ वर्षं त्या दुकानात उभी आहे मी. जिना नाहीये तिथे!"

खरंच नव्हता. वरचा मजला म्हणजे रंगवलेली खिडकी होती. सुतारांनी कुरकुर करत दाराआड चार पायऱ्या ठोकल्या. त्यावर चढायला पलीकडून शिडी. अठ्ठावन्न वर्षांची बाई नाइटगाऊन दोन हातांत धरून शिडी चढली, मी खालून शाल सावरत होतो आणि दोघंही ज्युलियनला नावं ठेवत होतो.

मग दार उघडलं आणि ती उतरली. पहिली पायरी, दुसरी. केशकर्तनालयवाली नटी खाली उभी होती, तिच्या डोळ्यांत आलेलं पाणी स्क्रिप्टमध्ये नव्हतं. तिसरी. चौथ्या पायरीवर एनिड एकदम थांबली, कठडा घट्ट धरला, तोंड वाकडं केलं आणि एक हात गुडघ्यावर ठेवला. मग सावकाश खाली आली आणि लिहिलेलं वाक्य म्हणाली, "माझ्या लोकरीला कुणी हात लावला?"

सहाला दहा मिनिटं होती. ज्युलियन लोखंडी जिन्यावरून धावत आला.

"एनिड! तो गुडघा कुठून आला? स्क्रिप्टमध्ये गुडघा नाही!"

"चारच पायऱ्या ठोकल्यास तू, राजा. चार पायऱ्यांत माणूस नीट बरं होत नाही. आणि अकरा आठवडे पडून असलेल्या बाईचा गुडघा धरतो. विचार कुणालाही."

"पुन्हा घ्या!" ज्युलियन वरच्या काचेकडे बघून ओरडला.

"मी घेणार नाही," दिग्दर्शक वरून म्हणाला. तो नाक शिंकरत होता.

कॅन्टीनमध्ये ह्यू तिच्या समोर येऊन बसला. त्याने कस्टर्ड ढवळलं.

"कुठला गुडघा?" त्याने विचारलं.

"डावा."

ह्यूने विचार केला. "डाव्याला फार वेळ लागतो," तो गंभीरपणे म्हणाला.